भावाला न सांगता वापरलेला ट्रेनर

प्रश्न : मी तिशीतली असून हिंजवडीत नोकरी करते आणि आई-बाबा व धाकट्या भावासह सिंहगड रस्त्याला राहते. भाऊ अभियांत्रिकीच्या दुसऱ्या वर्षाला आहे. तपकीर गल्लीतून सुटे भाग आणून त्याने जुळवलेल्या घरच्या संगणकावर आम्ही दोघे ‘रिमवर्ल्ड’ या खेळात एकच वसाहत चालवतो. दिवसा तो खेळतो, रात्री जेवणानंतर मी. मध्यंतरी खेळात ऐन हिवाळ्यात आमच्या वसाहतीतील चौघांना प्लेग झाला, औषधे संपली आणि धान्यही तळाला गेले. त्या रात्री मी इंटरनेटवरून एक ट्रेनर, म्हणजे खेळातले आकडे बदलून देणारा प्रोग्राम, उतरवून औषधे, अन्न आणि भरपूर चांदी मिळवली. चौघे वाचले. सकाळी भावाने ते पाहिले आणि आपण निर्जंतुक फरशी घालून बांधलेल्या रुग्णालयामुळेच प्लेग आटोक्यात आला, असे त्याला वाटले. मित्रांनाही तो तसेच सांगतो. मी गप्प राहिले. त्यानंतर शत्रूंचे हल्ले इतके मोठे येऊ लागले, की मला पुन्हा पुन्हा ट्रेनर लावावा लागतो आणि खेळात आता राम उरलेला नाही. ट्रेनर लावण्यापूर्वीच्या सेव्हची (साठवलेल्या डावाची) प्रत माझ्याकडे आहे. स्वतःच्या घरात, स्वतःच्या खेळात चीट वापरणे ही फसवणूक आहे का? भावाला सांगावे का? जाता जाता आणखी एक : ट्रेनर चालवताना अँटिव्हायरस बंद करण्याची सूचना होती आणि मी ती पाळली. बाबा याच संगणकावरून बँकेचे व्यवहार करतात, म्हणून थोडी धाकधूक वाटते.

उत्तर : तुम्ही जाता जाता लिहिलेल्या गोष्टीला उशीर चालणार नाही, म्हणून सुरुवात तिथूनच करावी लागेल. ट्रेनर म्हणजे चालू असलेल्या खेळाच्या मेमरीत बाहेरून शिरून तिथले आकडे बदलणारा किंवा गोठवून ठेवणारा स्वतंत्र प्रोग्राम. दुसऱ्या प्रोग्रामच्या मेमरीत हात घालण्याचे काम घातक प्रोग्रामही करतात, त्यामुळे निरुपद्रवी ट्रेनरलाही अँटिव्हायरस अनेकदा धोकादायक ठरवतो, आणि हीच गोष्ट भामट्यांच्या पथ्यावर पडते. ‘इशारा खोटा आहे, अँटिव्हायरस बंद करा’ ही सूचना खऱ्या ट्रेनरबरोबर येते तशीच बनावट ट्रेनरबरोबरही येते, आणि ती पाळल्यावर दोन्हींतला फरक कळण्याचा मार्गच बंद होतो. अशा बनावट फाइलींतून येणारे चोर-प्रोग्राम बहुधा ब्राउझरमध्ये साठवलेले पासवर्ड आणि चालू लॉगिनच्या कुकी (लॉगिन लक्षात ठेवणाऱ्या छोट्या नोंदी) उचलतात. कुकी हाती लागली, की पासवर्ड ठाऊक नसतानाही खात्यात शिरता येऊ शकते. तुमच्याकडे असे घडलेच आहे, असे मी म्हणत नाही. परंतु ते घडलेले नाही असे गृहीत धरून बाबांना त्या संगणकावर व्यवहार करू देणे योग्य होणार नाही.

तेव्हा बाबांना आजच सांगा आणि त्यांचे व्यवहार तूर्त थांबवा. संगणकाचे इंटरनेट काढा. बँक, ईमेल आणि स्टीम (संगणकावरील खेळांचे ऑनलाइन दुकान) यांचे पासवर्ड त्या संगणकावरून बदलू नका, ते फोनवरून किंवा दुसऱ्या स्वच्छ संगणकावरून बदला, आणि प्रत्येक ठिकाणी सर्व उपकरणांवरून लॉग-आउट होण्याचा पर्याय वापरा, म्हणजे जुन्या कुकी निरुपयोगी होतील. ट्रेनरचे फोल्डर अँटिव्हायरसच्या अपवादांच्या यादीत घातले असेल, तर ते तिथून काढून पूर्ण तपासणी करा. सर्वांत खात्रीचा उपाय मात्र विंडोज नव्याने टाकणे हाच आहे, आणि संगणक स्वतः जुळवणाऱ्या तुमच्या भावाला ते अवघड जाणार नाही. त्याआधी सेव्ह फाइली एका पेन ड्राइव्हवर काढून ठेवा. रिमवर्ल्डच्या सेव्ह फाइलींत केवळ मजकुराच्या स्वरूपातील नोंदी असतात, त्यामुळे त्या परत आणण्यात अडचण नाही. ट्रेनर किंवा कोणतीही चालणारी फाइल मात्र परत आणू नका. खात्यातून पैसे गेल्याचे दिसले, तर क्षणाचाही विलंब न करता बँकेला आणि १९३० या सायबर गुन्ह्यांच्या मदत क्रमांकावर कळवा. ऑफिसचे कोणतेही लॉगिन तुम्ही त्या संगणकावर केले असेल, तर कंपनीच्या आयटी विभागाला तसे सांगणेही तुमच्याच हिताचे आहे. आणखी एक धोका भावाच्या खात्याचा. तो त्याच संगणकावर काउंटर-स्ट्राइकसारखा ऑनलाइन स्पर्धात्मक खेळ खेळत असेल आणि असले साधन मागे चालू राहिले, तर त्याचे खाते संशयात येऊ शकते, आणि स्टीमची व्हॅक बंदी (चीट पकडणाऱ्या यंत्रणेने घातलेली बंदी) एकदा लागली की ती कायमची असते.

आता तुमचा पहिला प्रश्न. एकट्याने खेळायच्या खेळात चीट वापरणे ही फसवणूक आहे, असे मला वाटत नाही. चीट ही मुळात खेळ बनवणाऱ्यांनीच आणलेली गोष्ट आहे. १९८६ मध्ये ‘ग्रेडियस’ हा खेळ घरगुती यंत्रासाठी तयार करताना कोनामी कंपनीतील काझुहिसा हाशिमोतो यांना तो तपासण्यासाठी शेवटपर्यंत खेळणे फार कठीण जाऊ लागले, म्हणून त्यांनी बटणांचा एक ठरावीक क्रम दाबताच सर्व शस्त्रे मिळतील अशी सोय केली, आणि तीच पुढे कोनामी कोड म्हणून जगभर माहीत झाली. तुमच्या रिमवर्ल्डमध्येही अशी सोय आहेच. पर्यायांच्या पानावर डेव्हलपमेंट मोड सुरू केला, की पडद्याच्या वरच्या बाजूला छोट्या चिन्हांची एक पट्टी येते आणि तिच्यातून हवी ती वस्तू नकाशावर ठेवता येते, जखमीला बरे करता येते, एखादी आपत्ती मुद्दाम ओढवून घेता येते आणि गॉड मोडमध्ये साहित्याशिवाय क्षणार्धात बांधकामही करता येते. २०१९ मध्ये पूर्ण स्वरूपात आलेल्या ‘ऑक्सिजन नॉट इन्क्लुडेड’ या वसाहतीच्याच खेळात सँडबॉक्स मोड (बंधनांशिवाय हवे ते करून पाहण्याची सोय) आहे. तो सुरू केल्यास त्या वसाहतीत पुढे पदके मिळणार नाहीत, इतकी स्पष्ट किंमत सांगून तो दिलेला आहे. म्हणून माझे मत असे, की या खेळांसाठी बाहेरचा ट्रेनर घेण्याला काही कारणच नाही. जे काम खेळातील अधिकृत साधन सुरक्षितपणे करते, त्यासाठी तुम्ही घरच्यांची बँक खाती धोक्यात घातलीत, आणि तुमच्या पत्रातील मला सर्वांत चिंतेची वाटलेली बाब हीच आहे.

दिवसभराची नोकरी, हिंजवडीहून परतीचा प्रवास आणि त्यानंतर रात्रीचा जेमतेम तासभर, एवढाच वेळ हाती असताना आठवडे खपून उभी केलेली वसाहत एका साथीत डोळ्यांदेखत जाऊ नये असे वाटणे अगदी स्वाभाविक आहे, आणि त्यासाठी स्वतःला बोल लावण्याचे कारण नाही. तुमच्या दोघांच्या वसाहतीचा प्रश्न मात्र निराळा आहे, कारण तिथे खेळणारे तुम्ही एकट्या नाही.

वसाहतीच्या खेळात प्रत्येक परिणामामागे कारण असते, आणि ती कारणे एकेक करून उलगडत जाणे हाच त्यातला खरा आनंद असतो. प्लेगचेच पाहा. रुग्णाच्या आरोग्याच्या पानावर दोन आकडे शेजारी शेजारी वाढत असतात, एक रोगाच्या तीव्रतेचा आणि दुसरा प्रतिकारशक्तीचा. प्रतिकारशक्ती आधी १०० टक्क्यांवर पोहोचली तर माणूस वाचतो, तीव्रता आधी पोहोचली तर तो दगावतो. डॉक्टरचे कौशल्य आणि औषधाचा दर्जा यांमुळे तीव्रतेचा वेग मंदावतो. अंथरुणातील सक्तीची विश्रांती, पोटभर अन्न आणि हॉस्पिटल बेड यांमुळे प्रतिकारशक्ती वेगाने वाढते. निर्जंतुक फरशीने खोलीची स्वच्छता वाढते आणि तिचा उपयोग जखमा चिघळण्याची शक्यता कमी करण्यासाठी आणि शस्त्रक्रिया यशस्वी होण्यासाठी होतो. प्लेगच्या वाटचालीवर त्या फरशीचा परिणाम होत नाही.

म्हणजे तुमच्या मौनामुळे भाऊ एक चुकीचा धडा शिकला आहे. पुढच्या हिवाळ्यात तो डॉक्टर तयार करण्याऐवजी किंवा थंडीपूर्वी हीलरूट या औषधी वनस्पतीची लागवड वाढवण्याऐवजी आणखी फरशी घालील, माणसे मरतील, आणि आपले काय चुकले हे त्याला कधीच कळणार नाही, कारण पहिल्या वेळी नेमके काय बरोबर ठरले होते हेच त्याच्यापासून लपवले गेले आहे. त्याने विचारपूर्वक आखलेल्या गोष्टीचे श्रेय त्याला मिळावे, ही तुमची इच्छा प्रेमाची आहे, याविषयी शंका नाही. परंतु त्या प्रेमापोटी तुम्ही त्याच्या हाती खोटा हिशोब दिला आहे. गल्लीत लगोरी किंवा लपंडाव खेळताना लहानग्याला कच्चा लिंबू करतात, त्याच्यावर राज्य येत नाही, आणि त्यात कोणालाही गैर वाटत नाही, कारण ही सवलत खेळणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक असते. तुम्ही भावाला त्याच्या नकळत कच्चा लिंबू केले आहे, तेही तो आता विशीचा झालेला असताना. हे त्याला उद्या अन्य मार्गाने कळले, तर औषधांपेक्षा हेच त्याच्या मनाला अधिक लागेल.

म्हणून दुसऱ्या प्रश्नाचे माझे उत्तर ‘होय, सांगावे’ असे आहे, आणि ते विंडोज पुन्हा टाकण्याआधी सांगावे, म्हणजे संगणक का पुसावा लागतो आहे हे सांगताना तुम्हाला दुसरे खोटे बोलावे लागणार नाही. जेवणाच्या टेबलावर आई-बाबांसमोर सांगू नका. दोघेच संगणकापुढे बसलेले असताना वसाहत उघडून, कोणत्या रात्री काय काय भरले आणि त्यानंतर पुन्हा केव्हा केव्हा भरले, हे वस्तूंसह दाखवा. तो चिडला तर चिडू द्या. ‘अरे, शेवटी खेळच तर आहे’ हे वाक्य मात्र त्या वेळी कृपा करून उच्चारू नका, कारण त्याने जिथे मन लावले आहे ती गोष्ट त्या वाक्याने क्षुल्लक ठरते, आणि ती तुम्हालाही क्षुल्लक वाटत नाही, अन्यथा हे पत्र तुम्ही लिहिलेच नसते. मित्रांना काय सांगायचे, हे त्याचे त्याला ठरवू द्या. रुग्णालय वाईट होते असे तुम्हाला म्हणायचे नाही, त्याची परीक्षाच झाली नाही एवढेच सांगायचे आहे. आणि ट्रेनरपूर्वीच्या सेव्हची प्रत तुम्ही जपून ठेवली असल्याने ती परीक्षा आजही घेता येईल. ती प्रत पुन्हा उघडायची, की आहे ती वसाहत नुसती बांधकामाची हौस भागवण्यासाठी मोकळेपणाने चालवायची, हा निर्णय त्याच्यावर सोपवावा असे मी सुचवीन, कारण मागचा निर्णय तुम्ही त्याला न विचारता घेतला होता.

हल्ले का वाढले आणि खेळ बेचव का झाला, हे आता पाहू, कारण या दोन्हींचे मूळ एकच आहे. रिमवर्ल्डमध्ये संकटे पाठवणारा एक कथाकार असतो. तुम्ही कॅसँड्रा, फीबी किंवा रँडी यांपैकी कोणाला तरी निवडले असेल. हल्ला किती मोठा पाठवायचा हे ठरवताना वसाहतीतील माणसे आणि वसाहतीची एकूण संपत्ती यांचा हिशोब होतो. संपत्ती १४,००० पर्यंत असेल तर त्या सूत्रात तिचा भार जवळजवळ शून्य असतो, त्यापुढे मात्र तो वाढत जातो. इमारतींचे मूल्य निम्मे धरले जाते, वस्तूंचे पूर्ण. चांदीच्या एका नगाची किंमत १, सोन्याच्या एका नगाची १० आणि साध्या औषधाच्या एका नगाची १८ अशी मोजली जाते. तुम्ही १०,००० चांदी भरून घेतली असेल, तर ती कोठारात पडून असली तरी वसाहत तेवढ्याने श्रीमंत झाली, आणि त्या श्रीमंतीला साजेशी टोळी चालून आली. तुमच्या भिंती, शस्त्रे आणि माणसांचे नेमबाजीचे कौशल्य मात्र पूर्वी होते तेवढेच राहिले. शिवाय माणसे दगावली किंवा जायबंदी झाली, की खेळ काही काळ दबाव कमी करतो, आणि बराच काळ कोणतीही हानी झाली नाही, की तो हळूहळू वाढवतो. ट्रेनरने तुम्ही प्रत्येक हानी टाळलीत, त्यामुळे ही वसाहत उत्तम चालली आहे असाच कथाकाराचा समज झाला. मदतीसाठी आणलेले साधन पुढच्या संकटाचे कारण ठरले आणि त्यातून सुटायला पुन्हा तेच साधन लागले, या चक्रात तुम्ही सापडला आहात. दोष तुमच्या खेळण्यात नाही.

चवीचे म्हणाल, तर एक औषध अमर्याद झाले की त्याच्यावर टेकलेल्या कितीतरी गोष्टी आपोआप निरर्थक होतात. हीलरूटचे शेत नको, ते लावण्याइतका कसबी शेतकरी नको, औषधांसाठी व्यापाऱ्याची वाट पाहणे नको, डॉक्टरचे कौशल्य वाढवणे नको. पायाची जखम चिघळून तीव्रता प्रतिकारशक्तीच्या पुढे निघाली असताना, तो पाय आता कापावा की आणखी एक रात्र वाट पाहावी, हा या खेळातील सर्वांत कठीण आणि म्हणूनच सर्वांत लक्षात राहणारा निर्णयही मग घ्यावा लागत नाही. हे सगळे काढून टाकल्यावर उरते ते माणसांची ये-जा पाहत बसणे, आणि त्याचा कंटाळा येणारच.

खेळ सोपा करणे आणि तो पोकळ करणे यांत फरक आहे, आणि तुम्हाला गरज सोपा करण्याची होती. त्यासाठी खेळ चालू असतानाच कथाकार आणि काठिण्यपातळी दोन्ही बदलता येतात. ‘स्ट्राइव्ह टू सर्व्हाइव्ह’ या पातळीवर धोक्याचे प्रमाण १०० टक्के धरलेले असते, ‘अॅडव्हेंचर स्टोरी’वर ते ६० टक्के आणि ‘कम्युनिटी बिल्डर’वर ३० टक्के होते. कॅसँड्राचा चढता दबाव रात्रीच्या तासाभराला झेपत नसेल, तर दोन संकटांमध्ये अधिक उसंत देणारी फीबी घ्या. स्वतःच्या पसंतीच्या पातळीत आजारांचे प्रमाण, पिकांचे उत्पन्न आणि व्यापारातील भाव हे सुटे सुटे बदलता येतात, आणि हल्ल्यांचा आकार संपत्तीऐवजी काळानुसार वाढावा अशीही सोय आहे. या बदलांमुळे औषध औषधच राहते आणि शेत शेतच राहते, फक्त श्वास घ्यायला अवधी मिळतो. मित्रमंडळींत कोणी सोप्या पातळीला नाक मुरडले, तर त्याकडे दुर्लक्ष करावे. या खेळातील सर्वांत कठीण पातळीचे नावच ‘लूझिंग इज फन’ असे आहे. ज्यांना हरण्यात रस आहे त्यांनी ती जरूर घ्यावी, पण दिवसाच्या शेवटी मन रमवण्यासाठी खेळणाऱ्या माणसाने ती घेतलीच पाहिजे असा नियम कोणी केलेला नाही.

पुढे खेळण्यापूर्वी दोघांनी बसून दोनतीन गोष्टी ठरवून घ्या. डाव बिघडला तर मागची सेव्ह उघडायची की जे झाले ते स्वीकारायचे, हे आधीच ठरलेले असावे. दोन माणसांच्या वसाहतीत मला दुसरा मार्ग अधिक बरा वाटतो, कारण एकाने खेळलेला दिवस दुसऱ्याने पुसून टाकला की पुन्हा तीच कुरबूर सुरू होते. पातळी बदलायची तर दोघांच्या संमतीने बदलावी. डेव्हलपमेंट मोड एखाद्या तांत्रिक बिघाडासाठी, म्हणजे माणूस भिंतीत अडकणे किंवा मॉडमुळे (खेळाला बाहेरून जोडलेल्या भागामुळे) एखादे काम कायमचे ठप्प होणे अशा प्रसंगांसाठी राखून ठेवावा, आणि तो वापरला तर दुसऱ्याला त्याच दिवशी कळवावे. स्वतःला मोह होऊ नये म्हणून हा मोड कायमचा बंद करण्याचा पर्यायही खेळातच दिलेला आहे. तुमच्या पत्राचा सूर पाहता तो पर्याय वापरण्याची तुम्हाला फार इच्छा होईल, पण तूर्त वापरू नका. मॉड लावून खेळणाऱ्यांना बिघाड दुरुस्त करण्यासाठी त्या मोडची गरज केव्हा ना केव्हा पडतेच, आणि तसा बिघाड तुमच्या रात्रीच्या पाळीत झाला, तर झोपलेल्या भावाला उठवायचे की सकाळपर्यंत थांबायचे, हे तेवढे आत्ताच ठरवून ठेवा.